टेम्पोरल कोल्ड वॉर: आठ महिने, चार सीझन आणि एक अडकणारी डिस्क

परवा चौथ्या सीझनची शेवटची डिस्क संपली म्हणून लिहायला बसलोय. स्टार ट्रेक एंटरप्राइझ ही अंतराळातली अमेरिकन मालिका, एंटरप्राइझ एनएक्स-०१ हे त्यातलं जहाज आणि आर्चर त्याचा कप्तान, यापलीकडे ओळख करून देत नाही. मी पैसे घातले ते त्यातल्या काळाच्या युद्धासाठी, म्हणजे टेम्पोरल कोल्ड वॉरसाठी, तेव्हा बोलणार पण त्यावरच.

डीव्हीडींचा सेट न्यू जर्सीच्या मावसभावाने तिकडे वापरलेला घेऊन पाठवला, चारही सीझन, ९८ भाग. डिस्क रिजन १ च्या, म्हणजे अमेरिकेच्या विभागासाठीच्या, आणि आपल्याकडे रिजन ५, त्यामुळे घरचा प्लेअर घेतच नव्हता. दुरुस्तीवाल्याने रिमोटवरून कोड मारून तो ऑल-रिजन करून दिला, २५० रुपये. इथपर्यंत ठीक.

मग आला पहिल्या सीझनचा शेवटचा भाग, शॉकवेव्ह. ज्यांनी पाहिलाय त्यांना कळेल मी का चिडलो. खाणवस्तीतली ३,६०० माणसं जळून मेलीत, खापर एंटरप्राइझवर फुटलंय, सुलिबान या परग्रहावरच्या शत्रूंची जहाजं चारी बाजूंनी उभी, आर्चर स्वतःला त्यांच्या ताब्यात द्यायला निघतो, लिफ्टमध्ये शिरतो, आणि तिथेच चित्र गोठलं! चौकोन चौकोन झाले, आवाज तुटक, मग सगळं बंद. चष्म्याच्या फडक्याने मधून कडेकडे सरळ रेषेत पुसलं (गोल गोल पुसू नका, चरा उमटला तर वाचणारा किरण तिथेच अडकतो), तरी तीच लिफ्ट. दुरुस्तीवाला म्हणाला लेन्स गेली, ८५० घेतले, घरी आणून लावलं तर परत लिफ्ट. जुनी लेन्स दाखवा म्हटलं तर म्हणे फेकून दिली. आता म्हणतो डिस्कच खराब आहे. तीच डिस्क शेजाऱ्यांच्या लॅपटॉपवर गुपचूप चालली, तिथे रिजन १ करून पाहिली आणि परत ५ करून दिला, म्हणजे त्यांच्या ड्राइव्हला मिळणाऱ्या पाच रिजन-बदलांपैकी दोन माझ्यापायी गेले, त्याचं अजून वाईट वाटतं. पैसे परत मिळाले नाहीत. शेवटी १,६५० ची बाहेरून जोडायची ड्राइव्ह घेतली आणि रिजन १ करून ठेवली, तिला आता हात लावायचा नाही. असल्या ड्राइव्हचा रिजन पाचच वेळा बदलता येतो, मग कायमचा लॉक, घेणाऱ्यांनी हे आधी बघा.

आता युद्धाबद्दल. पहिले दोन सीझन मी याला सरळ वाईट म्हणत होतो. कल्पना जबरदस्त आहे, वेगवेगळ्या शतकांतले गट उघड लढत नाहीत, जुन्या काळात आपली माणसं पेरून इतिहास हळूच वळवतात, सुलिबानांना कामाच्या बदल्यात शरीरात सुधारणा मिळतात, कोणी दाराच्या फटीतून सरकतो, कोणी भिंतीसारखा दिसतो. कोल्ड फ्रंट या भागात तर आर्चरला रोज नाष्टा आणून देणारा डॅनियल्स हाच ९०० वर्षं पुढचा हेर निघतो, आणि जहाज स्फोटातून वाचवणारा सुलिबान सिलिक शत्रूचा माणूस! कोणावर विश्वास ठेवायचा हे आर्चरला कळत नाही आणि आपल्यालाही नाही, तो भाग मी तीनदा पाहिला. पण पुढे आठ-दहा भागांत या युद्धाचं नावसुद्धा निघत नाही. मालिका बाकीच्या स्टार ट्रेकच्या आधीच्या काळातली असल्याने स्टुडिओला काहीतरी भविष्यातलं हवं होतं म्हणून हे घातलं असं निर्मात्यांनी नंतर सांगितलंय, आणि ते जाणवतं.

तिसऱ्या सीझनला मत बदललं. झिंडी या परग्रहवासीयांच्या हल्ल्यात फ्लोरिडापासून व्हेनेझुएलापर्यंत ७० लाख माणसं मारली जातात, आणि झिंडींना भडकवणारे स्फिअर बिल्डर्स हे दुसरे परके जीव भविष्यातली लढाई टाळण्यासाठी हे करत असतात. अझाटी प्राइम या भागात डॅनियल्स आर्चरला २६ व्या शतकातल्या एंटरप्राइझ-जे या जहाजावर नेऊन तीच लढाई खिडकीतून दाखवतो. तेव्हा पहिल्यांदा वाटलं की या युद्धात खरोखर कोणाचंतरी काही जाणार आहे. ते बघून सेटचे पैसे वसूल झाले असं मी घरात मोठ्याने म्हणालो.

पण तो सावलीतला माणूस! सिलिकला हुकूम देणारा, धुरकट, चेहरा नसलेला, ज्याला बनवणारेच फ्यूचर गाय म्हणायचे. दुसऱ्या सीझनच्या शेवटी आर्चरला झिंडींबद्दल सांगून जातो आणि मग कुठेच दिसत नाही. चौथ्या सीझनच्या सुरुवातीला स्टॉर्म फ्रंटच्या दोन भागांत युद्धच मिटवून टाकलंय, १९४४ सालची अमेरिका, नाझी न्यूयॉर्कात, लेनिनला १९१६ मध्येच मारल्यामुळे जर्मनीला रशियाची चिंता उरली नाही, हे सगळं मस्त जमलंय, सिलिक आर्चरच्या बाजूने लढताना मरतो तेव्हा मला खरंच वाईट वाटलं. फक्त त्याचा मालक कोण होता ते कोणी विचारतच नाही.

आई सबटायटल लावून माझ्याबरोबर बघायची. डॅनियल्सला ती "नाष्टावाला" म्हणते. शेवटची डिस्क काढून डबीत ठेवत होतो तर म्हणाली, "अरे, तो धुरातला कोण होता ते राहिलंच की, अजून एखादी डिस्क असेल बघ." मी डबी पुन्हा उघडून तिला दाखवली.