वडिलांच्या पश्चात बंदूक: नावावर करावी की विकून मोकळं व्हावं?

गोव्यात सत्तरी, सांगे, काणकोणकडच्या घरांत कुळागराच्या (सुपारी-नारळाच्या बागेच्या) राखणीसाठी घेतलेली ठासणीची बंदूक अजून सापडते. परवानाधारक वारला की तिचा विषय लगेच निघायला हवा. निघतो तो वर्षश्राद्धानंतर. परवाना त्या माणसाचा असतो, घराचा नव्हे. शस्त्र कायदा, १९५९ च्या कलम २१ प्रमाणे बंदूक विनाकारण उशीर न करता जवळच्या पोलीस ठाण्यात किंवा परवानाधारक विक्रेत्याकडे जमा करावी लागते. पुढे काहीही ठरवा, हे आधी.

नावावर करून घ्यायची तर २०१६ च्या शस्त्र नियमांत वारसाची सोय आहे. वय २१ पूर्ण हवं आणि बाकीच्या वारसांची ना-हरकत हवी. जमिनीच्या वाटणीवरून भाऊ बोलत नसतील तर इथंच घोडं अडतं. परवाना ५ वर्षांचा. त्यात निवडणूक आली की आचारसंहितेत बंदूक ठाण्यात नेऊन द्यायची आणि सूट हवी असेल तर छाननी समितीपुढं जायचं. विधानसभेची निवडणूक नेमकी काजू धरायच्या दिवसांत येते, हे बागायतदारांना सांगायला नको. शिवाय परवाना म्हणजे शिकारीची मुभा नव्हे. गव्याला मारलं तर वन्यजीव कायद्याखाली ३ ते ७ वर्षं कैद.

विकायची वाट सरळ आहे: जमा केलेली बंदूक विकायला वारस संमती देऊ शकतो आणि पैसे त्यालाच मिळतात. मात्र नियमातली मुदत उलटू दिली तर ती सरकारजमा होऊ शकते.

आणि बरेच जण गुपचूप निवडतात ती तिसरी वाट, माळ्यावर गुंडाळून ठेवणं. विनापरवाना बंदूक बाळगण्याची शिक्षा पूर्वी १ ते ३ वर्षं होती. डिसेंबर २०१९ च्या दुरुस्तीनं ती २ ते ५ वर्षं आणि दंड अशी झाली. २ वर्षांखाली यायचं तर न्यायाधीशाला खास कारणं निकालपत्रात नोंदवावी लागतात. ब्रिटनमध्ये कुठल्या गुन्ह्याला साधारण किती शिक्षा याची लेखी चौकट असते. आपल्याकडे तशी नाही. त्यामुळे ‘बाबांची आठवण होती हो’ या म्हणण्याला किती वजन, ते त्या त्या न्यायालयावर. खटल्याला जिल्हादंडाधिकाऱ्यांची पूर्वमंजुरी लागते खरी, पण त्यावर विसंबून राहणं मला शहाणपणाचं वाटत नाही. ‘गंजलीय, उडत नाही’ हेही पुरत नाही. दुरुस्त करूनही उडणार नाही अशीच बंदूक कायद्याबाहेर राहते.

माझं मत विचाराल तर, कुळागरात स्वतः राहणारा आणि रात्री राखणीला जाणारा कुणी असेल तरच नावावर करा. सगळे पणजी-मडगावात नोकरीला असतील तर विका. जमा करताना पावतीवरचा बंदुकीचा क्रमांक परवान्याच्या पुस्तिकेशी ताडून पाहा, आणि तो जुळल्याशिवाय ठाण्यातून निघू नका.