एकाच फवारणीत शेड निर्जंतुक करून देणाऱ्यांपासून सावध राहा

बेळगाव जिल्ह्यातील खानापूर तालुक्यात भातशेतीला जोड म्हणून कोंबड्या पाळणारी बरीच घरे आहेत, आणि पावसाळ्याच्या अखेरीस शेडमध्ये तांबड्या माइटचा (कोंबड्यांचे रक्त पिणाऱ्या बारीक किडीचा) उपद्रव वाढला की जो तो उपायाच्या शोधात असतो. नेमक्या याच दिवसांत दोघे जण गाडी घेऊन आमच्याकडे आले. लिटर (जमिनीवरचे तूस व विष्ठा) काढायला नको, कोंबड्या बाहेर काढायला नकोत, एकाच फवारणीत माइट, कॉक्सिडिया (कोंबड्यांच्या आतड्यांत रोग करणारे सूक्ष्म परजीवी) आणि जंतांची अंडी मरतील, वर सहा महिन्यांची हमी, असे सांगून त्यांनी पूर्ण रक्कम आगाऊ घेतली. त्यांच्या पांढऱ्या कॅनवर लेबल नव्हते आणि आतल्या द्रवाला रॉकेलसारखा वास येत होता. थोड्याच दिवसांत, रात्री बॅटरी लावून पाहिले, तर बसण्याच्या दांड्यांच्या फटींतून माइट पूर्वीसारखेच बाहेर पडत होते. तोवर फोन बंद झाला होता, आणि पावतीवर लिहिलेल्या, महाराष्ट्रातील चंदगडच्या पत्त्यावर तसे दुकानच नव्हते.

ही हमी मुळातच अशक्य होती, हे सरकारी दवाखान्यातील पशुवैद्यांनी शेडमध्ये येऊन दाखवले. तांबडा माइट दिवसा लाकडाच्या फटीत, पत्र्याच्या सांध्यात आणि वाळलेल्या विष्ठेखाली लपतो व रात्री कोंबडीचे रक्त पितो. उष्ण हवेत त्याची नवी पिढी साधारण आठवड्याभरात तयार होते आणि रिकाम्या शेडमध्येही तो अनेक महिने तग धरतो. बहुतेक औषधांनी त्याची अंडी मरत नाहीत, म्हणून पशुवैद्य सांगतील त्या अंतराने फवारणी पुन्हा करावीच लागते. कॉक्सिडियाचे कवच तर इतके चिवट असते, की नेहमीची जंतुनाशके त्यापुढे निष्प्रभ ठरतात. तिथे रिकाम्या शेडमध्ये फ्लेमगनची (ज्वाला सोडणाऱ्या बर्नरची) आच किंवा १० टक्के अमोनिया लागतो. (अमोनिया आणि ब्लिचिंग पावडर कधीही एकत्र करू नये, त्यातून विषारी वायू निघतो.) आणि विष्ठा व तूस जागेवर असेल तर कितीही महाग जंतुनाशक त्या घाणीतच खर्ची पडते, म्हणून आधी लिटर काढणे, खरवडणे, धुणे आणि पूर्ण वाळवणे हे टाळताच येत नाही. ‘सफाई नको’ असे जो म्हणतो, तो तिथेच उघडा पडतो.

अंडी आणि मांस आपण व शेजारी खातो, म्हणून कोंबड्या आत असताना अनोळखी विष फवारू देणे ही मला पैशांपेक्षा गंभीर बाब वाटते. मूळ डबा दाखवल्याशिवाय काम देऊ नका. १९६८ च्या कीटकनाशक कायद्याखालील लेबलवर नोंदणी क्रमांक, बॅच, उत्पादनाची व मुदत संपण्याची तारीख आणि विषारीपणा दाखवणारा रंगीत त्रिकोण असतो.

विक्रेता महाराष्ट्रातला म्हणून हात टेकण्याचे कारण नाही. २०१९ च्या ग्राहक संरक्षण कायद्यानुसार तक्रारदार आपल्या राहत्या जिल्ह्यातील आयोगाकडे दाद मागू शकतो, म्हणजे आपल्यासाठी बेळगावात. उपजीविकेसाठी स्वतः शेड चालवणाराही त्यात ग्राहक धरला जातो. आधी १९१५ या राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनवर तक्रार नोंदवावी; पावती, रिकामा कॅन आणि पैसे पाठवल्याचा मेसेज जपून ठेवावा.