गिटहबचं कोडओनर्स: राजारामपुरीतल्या आमच्या टीमचा दीड वर्षाचा अनुभव

कोल्हापूरच्या राजारामपुरीत आमचं सहा जणांचं ऑफिस आहे. मार्केट यार्डातल्या गूळ आडत्यांसाठी आम्ही पट्टीचं, म्हणजे शेतकऱ्याला मिळणाऱ्या हिशेबाच्या चिठ्ठीचं, सॉफ्टवेअर करतो. रवे (गुळाच्या ढेपा) किती आले, वजन किती भरलं, दर काय निघाला, हमाली-तोलाई वजा जाऊन शेतकऱ्याच्या हातात किती पडणार, हा सगळा हिशेब त्यात.

पूर्वी कोडमध्ये बदल केला की ग्रुपवर लिंक पडायची आणि खाली ‘कुणीतरी बघा रे’. ऐन हंगामात एक बदल असाच पुढे गेला आणि एका आडत्याच्या पट्ट्यांत हमाली दोनदा वजा झाली. मी विचारलं तर टीममधला पोरगा म्हणाला, ‘ताई, मला वाटलं तुम्ही बघितलंय.’ मला वाटलं होतं, त्यानं बघितलंय. शेतकरी पट्टी हातात घेऊन आडत्याच्या पेढीवर उभा होता, त्याचे पैसे आमच्यामुळं कापले गेले होते. त्याच आठवड्यात कोडओनर्स सुरू केलं. गिटहब म्हणजे टीमनं मिळून कोड ठेवायची आणि तपासायची वेबसाइट, आणि कोणता कोड कुणी तपासायचा हे ठरवून देणारी तिथली सोय म्हणजे कोडओनर्स.

गिटहबनं ही सोय 2017 साली आणली. रिपॉझिटरीत, म्हणजे प्रकल्पाचा सगळा कोड असतो तिथं, कोडओनर्स नावाची एक साधी फाइल ठेवायची. प्रत्येक ओळीत आधी फोल्डर, पुढं ते कुणाच्या जबाबदारीचं त्याचं नाव. त्या फोल्डरमधलं काही बदलणारी पुल रिक्वेस्ट, म्हणजे ‘माझा बदल घ्या’ अशी विनंती, आली की रिव्ह्यूची (तपासणीची) मागणी आपोआप त्या माणसाकडं जाते. ड्राफ्ट, म्हणजे अजून कच्चा बदल, असेल तर तो तयार म्हणून जाहीर होईपर्यंत थांबते. मात्र मेन ब्रँचच्या, म्हणजे कोडच्या मुख्य प्रतीच्या, नियमांत कोड ओनरचा रिव्ह्यू सक्तीचा केला नाही, तर मागणी जाते आणि तिची वाट न बघता बदल मर्जही होऊन जातो, म्हणजे मुख्य कोडमध्ये मिसळतो. सक्तीच्या त्या पर्यायावर पहिल्याच दिवशी खूण करा. खाजगी रिपॉझिटरीला पैसे भरून घेतलेला प्लॅन लागतो, फुकट खात्यावर हे फक्त पब्लिक रिपॉझिटरीत चालतं.

आमचे पहिले पंधरा दिवस वाया गेले ते ओळींच्या क्रमामुळं. हिशेबाच्या फोल्डरची ओळ मी महत्त्वाची म्हणून सगळ्यात वर लिहिली आणि ‘बाकी सगळं’ म्हणून तारकेची (*) ओळ शेवटी. इथं एकाच फाइलला दोन ओळी जुळल्या तर शेवटची चालते. त्यामुळं हिशेबाचे बदलसुद्धा तारकेवाल्याकडं जात राहिले. तारका वर, नेमकं ते खाली, हे लक्षात ठेवा. दुसरी अडचण परवानगीची. ज्याचं नाव लिहिलं त्याला रिपॉझिटरीत लिहिण्याचा हक्क हवा. आमच्या एका टीमला फक्त वाचायचा होता, तर मागणी जातच नव्हती. फाइल गिटहबवर उघडून बघितली तेव्हा चूक दाखवलेली दिसली.

मग चैत्रात हिशेबवाली सहकारी जोतिबाच्या यात्रेला गेली आणि चार दिवस एक दुरुस्ती अडकून पडली. तेव्हापासून एका नावाऐवजी दोन-तीन जणांची टीम लिहितो. टीमच्या सेटिंगमध्ये पाळीपाळीनं वाटप करता येतं, किंवा कुणाकडं किती रिव्ह्यू पडलेत ते बघूनही. स्टेटस ‘बिझी’ ठेवलेल्याला त्यातून वगळलं जातं. हे मला फार आवडलं, कारण सुट्टीवरच्या माणसाला फोन करावा लागत नाही आणि तरी नाव एकाचंच पुढं येतं.

खरी तक्रार एकच आहे. एका ओळीत दोन नावं लिहिली तरी कुणाही एकाचा होकार पुरतो. पट्टीच्या बदलाला मला कोड कळणारी आणि आडतीचा व्यवहार कळणारा, दोघांचाही होकार हवा असतो. मंजुऱ्यांची संख्या दोन केली तरी दुसरी मंजुरी त्याच दोघांतली असेल याची खात्री नाही. गिटलॅब या गिटहबसारख्याच दुसऱ्या सेवेत ही फाइल विभागांत वाटता येते आणि प्रत्येक विभागाची मंजुरी वेगळी मागता येते. तिथंही पैसे पडतात, पण गिटहबनं हे उचलावं असं मनापासून वाटतं.

आणि हो, खुद्द कोडओनर्सच्या फाइलचीही मालकी लिहा. नाहीतर कुणीही एक ओळ काढून टाकेल आणि मर्ज झाल्यावरच कळेल. आमच्याकडं ती ओळ सगळ्यात खाली आहे, माझ्या नावानं. गेल्या महिन्यात तोलाईचा दर बदलला तेव्हा मागणी थेट हिशेबाच्या टीमकडं गेली, आणि तिथून पहिला प्रश्न आला तो अर्धवट भरलेल्या रव्याचं वजन कसं धरायचं याचा.