दिलेली भूमिका, घेतलेली भूमिका
माहितीपटात दिसणारा माणूस खरोखर तोच असतो का, हे तपासण्यासाठी दोन चित्रपट शेजारी ठेवून पाहावेत. एक रॉबर्ट फ्लॅहर्टी यांचा ‘नानूक ऑफ द नॉर्थ’ (१९२२). दुसरा जाँ रूश आणि एडगर मोराँ यांनी १९६०च्या उन्हाळ्यात पॅरिसमध्ये चित्रित केलेला ‘क्रॉनिकल ऑफ अ समर’.

पहिल्यात ओळख दिग्दर्शकाने नेमून दिलेली आहे. नायकाचे खरे नाव अलाकारियालाक. ‘नानूक’ हे पडद्यासाठी ठेवलेले नाव. त्या काळी इन्युइट (आर्क्टिक प्रदेशातले मूळ रहिवासी) शिकारी बंदुकाही वापरत असत, तरी पडद्यावर मात्र भालेच दिसतात, आणि आतल्या प्रसंगांना पुरेसा उजेड मिळावा म्हणून बर्फाचे घर अर्धेच बांधले गेले. तरीही हा गृहस्थ निव्वळ बाहुले नव्हता, असे मला वाटते. ग्रामोफोनची तबकडी चावून पाहताना त्याच्या चेहऱ्यावर जी मिस्कील छटा उमटते, ती अभिनयाची जाण असलेल्या माणसाची आहे.

दुसऱ्यात भूमिका कोणी देत नाही, ती ज्याची त्याने घ्यायची असते. नाझी छळछावणीतून वाचलेली मार्सलीन लोरिदाँ ध्वनिमुद्रण यंत्र सोबत घेऊन रस्त्याने एकटीच चालत वडिलांविषयी बोलते, आणि कॅमेरा तिच्यापासून दूर सरकत जातो. पुढे हे चित्रण सहभागी व्यक्तींनाच दाखवले जाते, तेव्हा काहींना आपल्यातलेच लोक कृत्रिम वाटतात, तर काहींना त्यांचे इतके उघडे होणे खटकते. स्वतःच्या प्रतिमेवर बोलण्याची ही संधी अलाकारियालाकला पडद्यावर मिळालेली नाही, म्हणून मला दुसरी पद्धत अधिक प्रामाणिक वाटते, जरी अंतिम संकलन तिथेही दिग्दर्शकांच्याच हाती होते.