वसुलीचा दावा मागे घेऊन पुन्हा दाखल करणे : एका वकील कार्यालयाच्या कामाबद्दल अभिप्राय

थकलेल्या बिलांच्या वसुलीचा आमचा दावा आधीच्या वकिलांनी दाखलपूर्व मध्यस्थी न करताच दाखल केला होता. तीन लाख किंवा त्याहून अधिक रकमेचा व्यापारी वाद असेल आणि तातडीचा अंतरिम आदेश मागितलेला नसेल, तर वाणिज्यिक न्यायालये अधिनियम, २०१५ च्या कलम १२-अ प्रमाणे आधी मध्यस्थीकडे जावेच लागते. सर्वोच्च न्यायालयाने २०२२ साली ‘पाटील ऑटोमेशन’ प्रकरणात ही तरतूद सक्तीची ठरवली आहे. प्रतिवादीने याच मुद्द्यावर आमचे वादपत्र (दाव्याचा मूळ अर्ज) नामंजूर करण्याचा अर्ज दिला, तेव्हा आम्ही प्रकरण दुसऱ्या कार्यालयाकडे सोपवले. हा अभिप्राय त्या दुसऱ्या कार्यालयाबद्दल आहे.

त्यांचे खरे कसब दिसले ते दावा मागे घेण्याच्या अर्जात. आधीच्या वकिलांनी तयार ठेवलेली पुरसीस (न्यायालयाला द्यायचे लेखी निवेदन) एका ओळीची होती : ‘वादीस सदर दावा पुढे चालवावयाचा नाही, तरी तो निकाली काढण्यात यावा.’ ती तशीच दाखल झाली असती, तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश २३, नियम १(४) प्रमाणे त्याच विषयावर नवा दावा लावण्याचा मार्ग कायमचा बंद झाला असता. नव्या कार्यालयाने ती बाजूला ठेवून नियम १(३) खाली सविस्तर अर्ज केला, दोष नेमका कोणता आणि तो दावा चालू ठेवून का दूर होणार नाही हे लिहिले, आणि नवा दावा दाखल करण्याची परवानगी स्पष्ट शब्दांत मागितली. प्रतिवादीला खर्च देण्याच्या अटीवर परवानगी मिळाली. त्या दिवशीचा रोजनामा (न्यायालयाच्या कामकाजाची नोंद) त्यांनी स्वतः वाचून पाहिला आणि ‘परवानगीसह’ हा शब्द उतरला आहे याची खात्री करूनच सही-शिक्क्याच्या नकलेचा अर्ज दिला.

दावा दाखल करण्याच्या मुदतीबाबतचा त्यांचा सल्लाही तितकाच सावध होता. परवानगी मिळाली म्हणून मुदत वाढत नाही. आदेश २३ च्याच नियम २ प्रमाणे पहिला दावा जणू झालाच नव्हता असे धरून तीन वर्षे मोजावी लागतात. मुदत कायद्याच्या कलम १४ चा (आधीच्या सदोष दाव्यात गेलेला काळ वगळण्याचा) आधार मिळेलच असे गृहीत न धरता त्यांनी आमच्या फायलीतून प्रतिवादीच्या सहीचे बाकी मान्य केल्याचे पत्र शोधून काढले, ते मूळ मुदत संपण्यापूर्वीचे असल्याचे तपासले आणि कलम १८ प्रमाणे त्या तारखेपासून नवी मुदत मोजली. मध्यस्थीत गेलेला काळ मुदतीतून वगळला जातो, हे त्यांनी हिशेबात वेगळे दाखवले. प्रतिवादी मध्यस्थीला फिरकलाच नाही. मध्यस्थी होऊ न शकल्याचा अहवाल जोडून दावा पुन्हा दाखल झाला. कोर्ट फी अर्थातच नव्याने भरावी लागली.

एक उणीव मात्र नोंदवावी लागेल. नव्या दाव्यात निकालापूर्वी जप्तीसाठी दिलेल्या पहिल्या अर्जात मालमत्तेची अंदाजे किंमत नमूद केलेली नव्हती, जी आदेश ३८, नियम ५ प्रमाणे द्यावी लागते. शिवाय प्रतिवादी मालमत्तेची विल्हेवाट लावण्याच्या बेतात आहे हे दाखवणारा मजकूरही मोघम होता. पुढच्या तारखेला सुधारित अर्ज करण्याची मुभा राखून तो मागे घेतला गेला आणि पुन्हा दिलेला अर्ज बराच भक्कम होता, पण मधल्या काळात प्रतिवादीला आमच्या हालचालीचा सुगावा लागला. जप्तीच्या अर्जात हे परवडत नाही, आणि इतक्या काटेकोर कार्यालयाकडून ते अपेक्षितही नव्हते.

फीबाबत बोलायचे तर मागे घेणे, मध्यस्थी आणि नवा दावा यांची वेगवेगळी आकारणी त्यांनी आधी सांगितली नाही, ती विचारल्यावर कळली; फोनही क्वचितच उचलला जातो. तरीही ज्यांचा दावा तांत्रिक दोषामुळे अडकला आहे आणि मुदत काठावर आली आहे, त्यांना मी याच कार्यालयाचे नाव सुचवेन. मात्र फी लेखी ठरवून घ्यावी आणि प्रत्येक अर्जाचा मसुदा दाखल होण्यापूर्वी मागून वाचावा.