बिकिनी की रोंगेलॅप?

अणुचाचण्यांमुळे घर सुटलेल्या बेटवासीयांवर प्रकल्प किंवा भाषण करायचं ठरवलंत, की प्रशांत महासागरातल्या मार्शल बेटांतली ही दोन नावं पुढे येतात. वेळ एकापुरताच असेल तर रोंगेलॅप घ्या.

बिकिनीची कहाणी सांगायला सोपी. फेब्रुवारी 1946 मध्ये, रविवारची प्रार्थना आटोपल्यावर अमेरिकी नौदलाच्या बेन वायट यांनी मानवजातीच्या भल्यासाठी बेट मागितलं. सगळं देवाच्या हाती, असं म्हणत प्रमुख जुडा यांनी होकार दिला आणि 167 माणसं निघाली. रोंगेरिक या दुसऱ्या बेटावर त्यांची उपासमार झाली. 1948 मध्ये त्यांना किली बेटावर नेलं. बिकिनीला प्रवाळाच्या कड्याने अडवलेलं शांत पाणी होतं, त्यात होड्या घालून जगणारे हे लोक. किलीच्या चहूबाजूंनी उघडा समुद्र. लाटा उसळल्या की होडी किनाऱ्याला लावताच येत नाही. सत्तरच्या दशकात काही कुटुंबं बिकिनीला परतली, पण अंगात सीझियम हे किरणोत्सारी द्रव्य वाढल्याचं आढळलं आणि 1978 मध्ये त्यांना पुन्हा उठवलं. 1946 ते 1958 या काळात तिथे 23 स्फोट झाले होते.

रोंगेलॅपचं दुखणं वेगळं. 1 मार्च 1954 च्या ‘ब्राव्हो’ स्फोटाआधी तिथून कुणालाच हलवलं नव्हतं. पंधरा मेगाटनांचा तो स्फोट झाला शंभराहून जास्त किलोमीटरवर, बिकिनीत. काही तासांत आकाशातून पांढरी भुकटी पडू लागली. ती होती प्रवाळाची किरणोत्सारी राख. पोरं तिच्यात खेळली, ती पाण्यात पडली, केसांत बसली. रात्रीपर्यंत उलट्या, अंगाची आग. पुढे केस गळाले. लोकांना न्यायला जहाज आलं तिसऱ्या दिवशी. 1957 मध्ये ‘आता धोका नाही’ असं सांगून त्यांना परत पाठवलं. मग थायरॉइडच्या गाठी आणि गर्भपात वाढत गेले.

शेवटी 1985 मध्ये, रोंगेलॅपचे सेनेटर जेटन अंजाइन यांच्या पुढाकाराने, तीनशेहून जास्त जणांनी स्वतःच बेट सोडायचं ठरवलं. ग्रीनपीस या पर्यावरण संघटनेच्या ‘रेनबो वॉरियर’ जहाजाने फेऱ्या मारून त्यांना मेजाटो बेटावर पोचवलं. मोडलेल्या घरांचं सामानही त्यांनी बरोबर नेलं.

बिकिनीत निर्णय पाहुण्यांचा होता. रोंगेलॅपमध्ये आईबापांनी पोरांसाठी गाव सोडलं, म्हणून माझा कौल तिकडे. बिकिनीच घेणार असाल तर मशरूमच्या ढगाचा फोटो मागे ठेवा आणि सुरुवात किलीच्या किनाऱ्यापासून करा.