जॉयस्टिक, आठ महिन्यांनंतर : विमान डावीकडंच का जातंय?

बटणं किती, वायर किती लांब, हे खोक्यावर छापलंय. कॉम्प्युटरवर विमान उडवायच्या खेळासाठी हा दांडा घेतला, आणि माझं दुखणं एकच : दांडा पिळून रडर (नाक डावं-उजवं वळवणारी शेपटीची फळी) द्यायचा प्रकार.

खऱ्या विमानात हे नसतंच. हातातल्या दांड्याची किंवा योकची (स्टिअरिंगसारख्या मुठीची) कामं दोनच. मागं ओढलं की नाक वर, बाजूला नेलं की विमान त्या अंगाला कलतं. शेपटीचा रडर पायातल्या पेडलवर. पण पेडल वेगळे घ्यायचे तर दांड्याहून महाग, म्हणून ते काम मनगटावर घेतलं आणि पैसे वाचले म्हणून मी खूश.

तिसऱ्या महिन्यात खेळातलं सेसना १७२, म्हणजे एका पंख्याचं छोटं विमान, आमच्या कोल्हापूरच्या विमानतळावर, उजळाईवाडीच्या धावपट्टीवर सोडलं की डावीकडं गवतात. दर वेळी! सर्व्हिस सेंटरला फोन केला. आधी ‘ड्रायव्हर परत टाका’, मग ‘पुण्याला पाठवा, कुरियर तुमचं’. वॉरंटीत असून! कडकडून भांडलो.

नंतर वाचनात आलं, की सेसना जातंच डावीकडं. प्रोपेलरनं मागं फेकलेली हवा गोल फिरत येऊन शेपटीच्या डाव्या अंगावर आदळते, नाक डावीकडं वळतं. टेकऑफला वैमानिक उजवं पेडल दाबूनच असतात. म्हणजे मी उगाच भांडलो? रिव्ह्यूत दोन तारे वाढवले.

मग खेळात ए३२० घेतलं, एअरबसचं प्रवासी विमान. जेट, दोन्ही पंखांखाली सारखा जोर. तेही डावीकडं! तारे परत काढले.

उद्यमनगरात मित्राच्या वर्कशॉपात दांडा उघडला. आत पिळायच्या जागी बारका पोटेन्शिओमीटर, जुन्या रेडिओच्या आवाजाच्या बटणात असतो तसला. घासून घासून त्याचा मध्यच हरवलेला, म्हणजे दांडा सरळ असला तरी पिळल्यासारखाच. कॉन्टॅक्ट क्लीनर मारला, पंधरा दिवस बरं चाललं, परत तेच. चुंबकावर चालणारा हॉल सेन्सर टाकला असता तर ही घासाघासच नसती.

बाकी दांडा झकास, खोटं कशाला बोलू. सेसनात चढताना ट्रिमचं चाक (हातावरचा जोर उतरवणारं) फिरवेपर्यंत दांडा ओढून धरावा लागतो, ए३२० ट्रिम स्वतःच करतं. ३३ अंशांपर्यंत कलवून दांडा सोडा, तेवढंच कललेलं राहतं. मूठ मात्र उजव्या हाताची, आणि ए३२०त कॅप्टनचा साइडस्टिक, म्हणजे बाजूचा दांडा, असतो डाव्या हाताला. आठ महिने मी को-पायलटच!

सध्या पिळणं सेटिंगमध्ये बंद, रडर कीबोर्डवर. आईच्या जुन्या शिलाई मशीनच्या पायडलचं काही जमेल का, म्हणून मित्राला विचारलं. हसेल वाटलं होतं. गडी टेप घेऊन आला आणि माप घेऊन गेला.